मामा, आज अकराला थेट कार्यक्रम मला करायचाय

प्रिय मामा,

आज रविवार, १६ ऑगस्ट, सकाळचे आठ वाजून बेचाळीस मिनिटे. मोबाईलवर इंग्लंडचा एक जुना, काळापांढरा टीव्ही कार्यक्रम बघत होतो. तो थांबवून लिहितोय, कारण तुम्ही गेल्यापासून बंद पडलेला आपल्या केबलवरचा ‘रविवारचा जलसा’ अकरा वाजता मला सादर करायचाय. मला आत्तापासूनच घाम फुटलाय.

मामा, महायुद्धानंतर तिकडंही असंच चालायचं! गाणं, जादू, नकला, सगळं थेट. चुकलं तरी पुन्हा घेणं नाही. एक माणूस काठ्यांवर ताटल्या फिरवत होता. एक पडली, फुटली. निवेदकानं हसत तुकडे पायानं सरकवले आणि गायिकेला बोलावलं! मी असतो तर माफी मागून कार्यक्रमच बंद केला असता.

तुम्हीही त्यातलेच! पहिल्या जलशात कलाकारांना स्वतःला बघता यावं म्हणून तुम्ही बाजूला टीव्ही ठेवलात. भजनी मंडळ त्यातच बघत राहिलं. अख्ख्या परंड्याला पाऊण तास नुसते कान दिसले! एकानं तर त्यात बघून फेटा नीट केला. फोन आले, “आरं, ह्यांची तोंडं कुठं हायेत?” तुम्ही माइकवर म्हणालात, “तोंडं रोजच बघता की! आज आवाज ऐका.” मामी अजून हसत सांगतात.

पण एकदा मला न विचारता कॅमेऱ्यामागून पुढं ढकललंत, ते काही बरं केलं नाहीत. दीड मिनिट मी माइकच न्याहाळला. मग त्यावर छापलेला नंबर वाचून दाखवला. तुम्ही म्हणालात, “लई भारी! पुढं!” पुढं काय, मामा?

म्हणून आज सात पानं लिहून काढली. त्यात ‘नमस्कार’सुद्धा लिहिलाय. मामींनी ती घडी करून पोळपाटाखाली सारली.

“कागदात बघून बोलायला तू काय तलाठी हायेस व्हय? पहिलं मला घे. गवळण म्हणते.”

“मामी, तुम्ही गाता?”

“तुझ्या मामानं सगळा तालुका गायला बसवला. मला एकदा इचारलं न्हाय.”

का हो मामा? अठरा वर्षं त्या स्टुडिओशेजारच्या खोलीत कलाकारांसाठी चहा करत होत्या!

आत्ता त्या केसांना तेल लावून, जरीची साडी नेसून बसल्यात.

शब्द देतो, मामा. मी अडखळेन, कदाचित सुरुवातच विसरेन. पण मामी गात असताना मध्ये एकही जाहिरात लावणार नाही. आणि किती मिनिटं घेणार, हेही त्यांना विचारणार नाही.

तुमचा घाबरट भाचा,
सचिन