रताळ्याचे दोरे

धाकटे,

पोटची मुलगी माझ्या ओटीत घालताना तू बजावलंस, "ताई, वर्षभर तिचं काही कळवू नकोस, नाहीतर मी तिला परत न्यायला येईन." म्हणून हे पत्र मी टाकणार नाही.

आज तिला पहिल्यांदा भरवलं. रताळं उकडून अगदी लोण्यासारखं कुस्करलं. पहिला चमचा तिने थेट यांच्या चष्म्यावर थुंकला, दुसरा मात्र मिटक्या मारत खाल्ला. हे म्हणाले, "अगं, तिच्या आईला कळव तरी!"

मी फोन केला, पण नुसती तुझ्या तब्येतीची चौकशी केली. तू विचारलंस, "काय चाललंय?"

"काही नाही गं, रताळं उकडलं."

तू हळूच म्हणालीस, "दोरे काढलेस ना नीट? घशात अडकतात."

तुझीच,
ताई