फ्रेमच्या कडेला

नागपूर,
१२ फेब्रुवारी २०२५

प्रिय दादा,

नमस्कार. आई बरी आहे. सकाळी उन्हात तुरीच्या शेंगा सोलत बसते आणि तू वेळेवर जेवतोस का, हे मला विचारते. जणू मीच तिथे आहे. आहेच म्हण. तुमच्या युनिटचा आयुष गाडीतून भिवापूरच्या शूटिंगची हार्ड डिस्क आणून देतो आणि मी पडदे ओढून दिवसभर एडिटिंग करत तुमच्यातच राहते. जेवायला उठले तरी डोळ्यांपुढे वाळत घातलेली मिरची असते. घरातली भिंतही जराशी लाल दिसते.

तू म्हणतोस, प्रॉडक्शन मॅनेजर पडद्यावर दिसायचा नसतो. पण मला दिसतोस ना. ‘कट’ झाल्यावरही कॅमेरा थोडा वेळ चालू राहतो, तेवढ्यात तू फ्रेमच्या कडेला येतोस. कुणाला पाणी देतोस, कुणावर छत्री धरतोस. सिनेमात आजीचं काम करणाऱ्या अनुसयाबाईंना एकदा म्हणालास, “मावशी, सावलीत बसा वं, पाय पोळून राहिले तुमचे.” हे सगळं मी कापते. कापायच्या आधी पुन्हा एकदा पाहते.

परवा डायरेक्टरांचा फोन आला. आजीच्या संवादात मागे कोणीतरी खोकतंय, तेवढं काढ म्हणाले. काढलं. दुसऱ्या टेकमध्येही तेच होतं. पुढच्या सीनमध्येही. खोकला ओळखीचा होता.

मग मी फक्त तुला शोधत सगळं फुटेज पाहिलं. सिनेमाचा शेवट तुम्ही आधी शूट केलात, सुरुवात आत्ता करताय. त्यामुळे कथेच्या क्रमाने लावलं की तू आधी वाळलेला, खुर्चीला धरून उभा दिसतोस आणि हळूहळू भरत जातोस. शेवटी तर लाइटची पेटी उचलून पळतोस. मी ते तसंच कितीदा तरी पाहत बसले. बाहेर दिवस मावळला तरी कळलं नाही.

मग तारखांच्या क्रमाने लावलं.

फोनवर विचारलं तर म्हणालास, “काहून विचारून राहिली वं? मिरचीची धूळ आहे.” आणि ठेवून दिलास. उमरेडच्या घरी मागावर बसून खोकताना बाबाही शेवटपर्यंत असंच म्हणायचे. सुताची धूळ आहे.

मले भेव वाटते, दादा.

म्हणून तुला न विचारता निर्मात्या शोभाताईंना ते तुकडे दाखवले. त्यांनी ते पुन्हा एकदा लावायला सांगितले. मग म्हणाल्या, “घेऊन जा त्याले. सेट मी पाहते.” तुझं काम तुझ्या हाताखालचा चेतन सांभाळेल. छातीच्या डॉक्टरांची वेळ घेतली आहे. आईला अजून सांगितलेलं नाही.

हे पत्र रिकाम्या डिस्कसोबत आज तुला मिळेल. उद्या सकाळी मी येतेच आहे. शूटिंग अर्ध्यावर टाकून कोणी जातं का, म्हणून तू चिडशील. चीड. परतताना गाडीत उमरेडपर्यंत तोंड फिरवून बस. उमरेड आलं की मात्र माझ्याशी बोल.

तुला न्यायला निघालेली,
धनश्री