हलीमा म्हणजे काय, अक्का

उस्मानपुरा, छत्रपती संभाजीनगर

ती. रत्नमाला अक्का हिस धाकट्या बुद्धभूषणचा सप्रेम जयभीम.

तू फोन उचलत नाहीस म्हणून कागद पाठवतोय. दाजींचा गुडघा कसा आहे? म्हैस व्यायली का? करमाडला तुमचं सगळं बरं असेल असं धरून चालतो, कारण इथून खुशाली म्हणून कळवण्यासारखं काही नाही. सुलेखा गेल्यापासून घरात मी आणि पोर, दोघंच, आणि दोघांनाही स्वयंपाक येत नाही.

बारशात तू पाळण्यावर वाकलीस, आत्याच्या मानानं कुर्र केलंस आणि नाव ऐकायला कान माझ्याकडं केलास. मी हलीमा म्हणालो. "ते हलीम तर रमजानात खातात," असं तू म्हणालीस, आणि दाजींनी (त्यांचा हेतू चांगलाच होता) आपण शहागंजात एकदा खाल्लंय, लई झकास लागतं, अशी साक्ष दिली. त्यावर तू त्यांना दंडाला धरून उठवलंस आणि न जेवता जालना रोडची बस गाठलीस. बुंदी मी आठवडाभर खाल्ली.

म्हणून आता नीट सांगतो. दवाखान्यातून सुलेखा झाकून आली आणि पोर माझ्या टॉवेलात आली. दुधाची पावडर आणायला गेलो तर दुकानदारानं विचारलं, एक नंबर की दोन नंबर? मी म्हणालो, चांगली असेल ती. त्यानं वय विचारलं, तर मी माझं सांगितलं. (तो हसला नाही. माझ्या तोंडाकडं बघून त्यानं एक नंबर दिली आणि स्टूल पुढं केलं.) पोरीनं ते दूध माझ्या शर्टावर काढलं. मग कुणीतरी सांगितलं म्हणून शेळीचं आणलं, तेही शर्टावर. रडून रडून ती निळी पडायला लागली तेव्हा खालच्या मजल्यावरची हलीमा वर आली. आपलं आडनाव ऐकूनही आणि त्यांचं नाव ऐकूनही खोली नाकारली नाही असा घरमालक एकच निघाला, म्हणून तर ती खाली आणि आम्ही वर. तिचं स्वतःचं बाळ त्याच आठवड्यात मातीत गेलं होतं. तिनं काही विचारलं नाही. पोर माझ्या हातातनं घेतली, भिंतीकडं तोंड करून बसली, आणि घर गप झालं. मी स्वयंपाकघरात जाऊन भांडी घासत राहिलो. ती घासलेलीच होती.

नावाचा अर्थ मी तिलाच विचारला. अरबीत हलीमा म्हणजे शांत स्वभावाची, राग गिळणारी, सोशिक. आणि महंमद पैगंबरांच्या दूधआईचं नाव हलीमा होतं. दुष्काळाचं वर्ष होतं, तिच्या स्वतःच्या लेकराला पुरेल इतकंही दूध तिच्या अंगावर नव्हतं. पैशावर पाजायला पोरं न्यायला आलेल्या बाकीच्या दाया बापवाली पोरं उचलून निघाल्या. बाप नसलेलं हे एक उरलं होतं, कुणाला नको होतं. रिकाम्या हातानं काय परतायचं म्हणून तिनं ते घेतलं. पदराखाली घेतलं आणि दूध उतरलं, म्हणतात, दोघा लेकरांना पुरेल इतकं. हे सांगताना आपल्या हलीमानं भिंतीकडचं तोंड वळवलं नाही. मला तिची पाठ तेवढी दिसत होती.

आणखी एक. त्यांच्यात दुधाचं नातं रक्तासारखंच धरतात. हलीमाचा थोरला आता हिचा भाऊ, त्यांचं लग्न कधीच व्हायचं नाही. (दारात चपला घालताना तू दाजींच्या कानात जी भीती बोललीस, ती त्यांच्याच धर्मानं मिटवली.)

तुझं म्हणणं मला कळत नाही असं नाय. "आडनावानं आधीच काय कमी भोगलं, त्यात असं नाव, पोरगी जन्मभर खुलासे करत फिरंल," हे तू रडत म्हणालीस, आणि ते खरं आहे. पण आपल्या आजीचं नाव कडूबाई ठेवलं होतं. का, तर आधीच्या दोघी दगावल्या. ही कडू म्हटल्यावर मरण तोंडात घालणार नाही. ती ऐंशी वर्षं जगली आणि अर्थ कुणी विचारला नाही. मग ज्या नावानं पोर जगली, त्याचाच एवढा राग का?

दाजींना जयभीम. म्हशीला सांभाळ.

तुझा,
बुद्धभूषण

ता. क. एक गोष्ट वर लिहायची राहिली. हे नाव हलीमालाच नको आहे. बारशाचं भांडण जिन्यात ऐकून ती म्हणाली, "भाई, ये नाम मत रखो. बचपन से सब बोलते, तू हलीमा है, सह ले. मैं सह ली. बच्ची को कायकू?"  तेव्हा नाव तूच ठेव. तुझ्या मनातलं संस्कृती ठेवलंस तरी माझी ना नाही.

आणखी ता. क. येताना किलोभर हळीव आण आणि बाळंतिणीचे लाडू इथंच वळ. हलीमा धड जेवत नाही, दूध कमी पडायला लागलंय. परवा पोरीला माझ्याकडं देताना म्हणाली, "दूध सूख गया तो मैं ऊपर किस मुँह से आऊँ?" मी म्हणालो, असंच ये. ती जिना उतरून गेली. माझ्याच्यानं ते नीट सांगणं होत नाही, अक्का. तू ये आणि तिला सांग.