दीड मिनिटाचे दिवाणजी

नाना, आज दुपारी टीव्हीवर एक जुना सिनेमा लागला होता आणि तुम्ही त्यात न्यायाधीश होतात. माझी नात म्हणाली, "आजी, ये जज साहब तर अगदी तुझ्यासारख्या भुवया उडवतात!" मी इतकी हसले की ठसका लागला. तुम्हाला जाऊन एवढी वर्षं झाली, तरी दर दोन-चार महिन्यांनी तुम्ही कुठल्यातरी वाहिनीवर येता, कधी पोस्टमास्तर, कधी मुलीचे सासरे, आणि कुणाला शिक्षा नाहीतर आशीर्वाद देऊन निघून जाता.

मला मात्र तुम्ही आठवता ते दाना ओली या गल्लीतल्या आपल्या दोन खोल्यांत. संस्थानच्या दरबारी दफ्तरात तुम्ही कारकून. दरबार गेला, मध्य भारत हे नवं राज्य आलं, तुमचं टेबल तेच राहिलं, फक्त कागदांच्या माथ्यावरचं नाव बदललं. मी नऊ-दहा वर्षांची असेन. किल्ल्यावर मुंबईची सिनेमावाली मंडळी आली होती आणि दरबारी रीत शिकवायला कुणीतरी हवं, म्हणून साहेबांनी तुम्हाला धाडलं. दिवाणजी झालेला नट मुजरा करताना दर वेळी कव्वाली गाणाऱ्यासारखा हात उडवायचा. तुम्ही सकाळपासून त्याला वाकून दाखवत होतात. शेवटी दिग्दर्शक वैतागून म्हणाले, "बाबूजी, आप ही कर दीजिए." संध्याकाळी तुम्ही घरी आलात ते डोळ्यांतलं काजळ तसंच घेऊन. आई दारातच थबकली. "अहो, हे काय करून आलात?" "दिवाण झालो," तुम्ही म्हणालात, आणि चपला न काढताच घरात शिरलात.

मग मध्य भारतही गेलं. राजधानी भोपाळला आणि तुमच्या बदलीचा हुकूमही भोपाळचा. त्याच आठवड्यात त्या दिग्दर्शकांचं पत्र आलं, मुंबईला या, लहानसहान कामं आहेत. तुम्ही दोन्ही कागद घेऊन स्वयंपाकघरात पाटावर बसलात. आई पोळ्या लाटत होती. "भोपाळची नोकरी पक्की आहे," तुम्ही म्हणालात. "मुंबईत चाळिशीच्या कारकुनाला कोण विचारतंय?" आईचं लाटणं थांबलं नाही. "किल्ल्यावरून आलात त्या दिवशी तुम्ही जेवताना गात होतात. दफ्तरातून तसे कधी आला नाहीत. जा तुम्ही. मी परीक्षा देऊन शाळेत लागते." आणि ती खरंच लागली, नाना. आपल्या शहराच्या लष्कर भागातल्या अर्ध्या मुलींना तिनं भूगोल शिकवला, आणि दर सुट्टीत तुम्ही येईपर्यंत एकदाही कुरकुर केली नाही.

पहिल्या दिवाळीला तुम्ही घरी आलात, तेव्हा मी फुरंगटून बसले होते. वर्गातल्या मुली म्हणत होत्या, तुझे बाबा पिक्चरमध्ये नोकर आहेत. मी म्हटलं, "नाना, नोकराचं काम घेऊ नका ना, मला लाज वाटते." तुम्ही कप खाली ठेवलात. तुमचा तसा आवाज मी आधी ऐकला नव्हता. "लाज? हिरो रडतो, तेव्हा त्याच्या खांद्यावर हात ठेवणारा नोकर खोटा वाटला तर हिरोचं रडणंही खोटं पडतं. ते माझं काम आहे. पुन्हा असं बोलायचं नाही." मला रडूच फुटलं. तुम्ही लगेच विरघळलात, पण माझी समजूत काढायची सोडून तालीमच सुरू केलीत. आई कांदा चिरत होती, डोळे आयतेच पाणावलेले, म्हणून ती हिरो. तुम्ही मागून हलकेच तिच्या खांद्यावर हात ठेवलात आणि म्हणालात, "छोटे मालिक, हिम्मत रखिए." आई हसत सुटली. "छोटे मालिक म्हणे! सरका, फोडणी करपतेय." तुम्ही ते पुन्हा पुन्हा केलंत, आणि प्रत्येक वेळी हात थोडा वेगळा ठेवलात. मी रडायचं कधी थांबले ते मला कळलंसुद्धा नाही.

त्याच सुट्टीत दिवाणजींचा सिनेमा लष्करात लागला. सगळी दाना ओली आली होती, नई सडकेवरच्या मिठाईवाल्यानं दुकान बंद ठेवलं होतं. तुम्ही मफलर नाकापर्यंत ओढून आमच्या रांगेच्या टोकाला बसलात. दिवाणजी आले मात्र, मागून कुणीतरी ओरडलं, "अरे, ये तो अपने बाबूजी हैं!" झालं, लोक उभे राहिले, शिट्ट्या, टाळ्या, टोप्या उडाल्या. तुमचं एकुलतं एक वाक्य कुणालाच ऐकू आलं नाही. लोकांनी इतका आरडाओरडा केला की मॅनेजरनं ते रीळ पुन्हा लावायला सांगितलं, आणि दुसऱ्या वेळीही कुणी ते ऐकू दिलं नाही. बाहेर आल्यावर मिठाईवाल्यानं "दीवानजी, मुँह मीठा कीजिए" म्हणून तुमच्या तोंडात अख्खी जिलेबी कोंबली. तशा भरल्या तोंडानं तुम्ही मला विचारलंत, "कसा होतो मी?" मी म्हटलं, "एकदम फर्स्टक्लास!"

तो सिनेमा नंतर कुठेच लागला नाही. मी खूप शोधला. हे पत्र कुठे जायचं नाही, म्हणून आता सांगून टाकते. मी तुमचे दिवाणजी पाहिलेच नाहीत, नाना. दोन्ही वेळा मी खुर्चीवर उभी होते, पडद्याकडे पाठ करून. तुमचा मफलर घसरला होता, तुम्ही लहान मुलासारखे हसत होतात, आणि मी तेच बघत होते.