उसना मिडफिल्डर

क्लबाचे व्यवस्थापक महाशय,

सविनय नमस्कार. (विनय उसना आहे, माझ्या भावासारखाच.)

बारा वर्षं माझा धाकटा भाऊ या ना त्या फुटबॉल क्लबाची मधली फळी सांभाळत गावोगाव फिरतोय. यंदा तुम्ही त्याला घेतलंत आणि एकही सामना न खेळवता दुसऱ्या क्लबाला उसना दिलात. रविवारी तोच क्लब आमच्या गावात, तुमच्या मैदानावर खेळायला आला. आमची आई त्याचा खेळ पहिल्यांदाच बघणार होती. ती तयार होऊन चाकांच्या खुर्चीत बसली आणि तुमचा निरोप आला: उसन्या खेळाडूने मूळ क्लबाविरुद्ध उतरायचं नाही. संस्कृत शिकवण्यात माझी हयात गेली, पण या अटीचा अन्वय लागेना. नकोसा म्हणून दिलात, मग त्याची भीती कसली?

तरी आम्ही गेलो. तो साध्या कपड्यांत आईशेजारी बसला.

“अरे, तुझी पाळी कधी?”

“येईल गं.”

सामना संपला तेव्हा आईने त्याच्या पाठीवरून हात फिरवला. “बाकीच्यांना ऊर फुटेस्तोवर पळवलं आणि तुला बसवून ठेवलं! मोठा साहेब झालास की रे!”

तो हसला. मला ते जमलं नाही.

हे पत्र मी टाकणार नाही. पुढच्या वर्षी त्याला ठेवायचं की नाही, हे तुम्हीच ठरवणार आहात.

आपली मुळीच नव्हे, त्याचीच,
ताई