अक्का, एक मिनिट गप्प बस

प्रिय अक्का,

तू गेल्यापासून चार महिने आपल्या फिल्मला हात लावला नव्हता. आज लावला, कारण उद्या ती द्यायची आहे. रविवारी सप्तापुरात दाखवणार आहेत. आणि ऐकता ऐकता तुझ्यावर चिडलो. गेलेल्या बहिणीवर चिडतं का कुणी? मी चिडलो!

तुझ्या फॉल-पिकोच्या दुकानात आठ दिवस कॅमेरा लावून बसलो होतो, आठवतं? बारा मिनिटांची फिल्म, एक शब्द नाही. नुसतं रीळ फिरतंय, साडीवरून ऊन सरकतंय, तुझी टाच पायडलवर. "मुकं पिक्चर काढतोस काय रे सुन्या? माझं तोंड तर दिवसभर चालू असतंय!" खरंच होतं. गिऱ्हाइकाशी कानडीत, माझ्याशी मराठीत, मशीनशी दोन्हींत. मी नेमकं तेच गाळलं. केवढी माझी अक्कल!

शेवटच्या दिवशी खोलीचा आवाज घ्यायचा होता. कुणी बोलायचं नाही, हलायचं नाही. खोलीचा आपला जो आवाज असतो तो मिनिटभर टिपायचा आणि चित्रांखाली अंथरायचा. वीस सेकंदांत तू म्हणालीस, "आतेन? झालं का रे?" पुन्हा सुरू केलं, तर चहाचं काढलंस. मग मी ओरडलो, गिऱ्हाइकासमोर. तू पदर तोंडाशी धरून बसलीस. चुकलो म्हणायचं राहूनच गेलं.

आज ते तिसरं मिनिट ऐकलं. पंखा आहे, बाहेरची रिक्षा आहे, भिंतीवरचं घड्याळ आहे. तू नाहीस. बांगडीसुद्धा वाजत नाही. श्वासही रोखून धरला होतास का गं? जन्मभर माझं कधी ऐकलं नाहीस, तेव्हाच बरं ऐकलंस!

मग बिघडलेली दोन शोधली. पहिलं मीच पुसलं होतं. दुसरं निव्वळ आळसामुळे राहिलं. त्यात बांगड्या आहेत, तुझा तो खोकला आहे, आणि मग, "चहा ठेवू काय? सकाळपासून उभा आहेस." त्यावर मी नुसतं "श्शू" म्हटलंय. किती वेळा ऐकलं, विचारू नकोस. रडलो.

उद्या हेच मिनिट देणार, अक्का. फिल्मच्या शेवटी, अख्खं. तुझं एक अक्षरही कापणार नाही. माझं "श्शू"ही ठेवीन. तुला कुणी गप्प केलं ते कळू दे सगळ्यांना.

आणि हो, ठेव गं चहा.

तुझा धाकटा,
सुन्या