चिंबोरी हळदीला आली

बय, परवा मी भर मांडवात तुझा धवला विसरले. हळदीचा, तिसरं कडवं. तुला जाऊन वीस वर्षं झाली, आणि एवढ्या वर्षांत हे एकदाही झालं नव्हतं. तू असतीस तर काही बोलली नसतीस, नुसतं बघितलं असतंस, आणि तुझं ते बघणं मला आठवडाभर पुरलं असतं. पुढं काय झालं ते सांगते, पण आधी मला मागं जायला हवं. कारण परवा जे झालं त्यात माझी चूक आहेच, पण थोडा हात तुझाही आहे.

एकोणीस वर्षांची होते मी. गावच्या बालवाडीत नुकती लागले होते. मला एक गाण्यांचं पुस्तक दिलं होतं, त्यात बागा होत्या, परीराण्या होत्या, बर्फसुद्धा होता. आपली पोरं बोंबील वाळत घातलेल्या वलांडीखाली रांगायला शिकलेली. ती बर्फाचं गाणं ऐकून जांभया द्यायची. गॅदरिंग जवळ आलं तेव्हा मला घाम फुटला. पोरांना खिळवून ठेवील असं माझ्याकडे होतं काय? आपली घरं भिंतीला भिंत लागून, त्यामुळे तुझे धवले तेवढे लहानपणापासून कानात बसले होते. गावातल्या प्रत्येक लग्नात हळद लागताना, पाणी घालताना, नवरी निघताना तुझा आवाज लागायचा, तो लागल्याशिवाय कुणी पुढचा विधी करत नसे. मी त्यातला हळदीचा धवला उचलला आणि पोरांना शिकवून टाकला. वीस पोरं पिवळे कपडे घालून उभी राहिली. तू मनोरच्या बाजारातून परस्पर आली होतीस, सुकटीची रिकामी पाटी मांडीवर घेऊन पुढंच बसलीस. दुसऱ्या ओळीला उठलीस, पाटी डोक्यावर घेतलीस आणि चालू लागलीस. मला वाटलं, घरी काही काम आठवलं असेल. इतकी मी शहाणी होते.

दुसऱ्या दिवशी कौतुक ऐकायला मी तुझ्या स्वयंपाकघरात आले. तू चुलीपुढे बसलीयेस, परातीत तांदळाच्या पिठाची उकड, तव्यावर भाकर. मी पाट ओढून घेते. तू वर न बघता विचारतेस, “काल कोनाचं लगीन व्हतं गो?”

मी हसते. तू हसत नाहीस.

“हलद कोनाला लागली? नवरी कोन व्हती?”

मग जे बोललीस ते मी इथं सगळं लिहीत नाही, मला अजून झोंबतं. थोडक्यात सांगायचं तर धवल्याचे बोल हळदीबरोबर नवरीच्या अंगाला लागायचे असतात. समोर नवरी नसताना म्हटले तर ते वाया जातात, आणि मी ते टाळ्यांसाठी वाया घालवले होते. मला रडू आलं आणि रागही आला. घरी येऊन आईला म्हटलं, गाणं काय तिच्या बापाचं आहे? आईनं मला चांगलंच फैलावर घेतलं. त्यानंतर तीन महिने तू माझ्याशी बोलली नाहीस. नळावर भेटलीस तरी घागरीकडे बघायचीस. त्या तीन महिन्यांत मी बालवाडी सोडायचं जवळजवळ ठरवलं होतं, हे तुला कधी सांगितलं नाही.

आणि एका सकाळी तू बालवाडीच्या उंबऱ्यावर येऊन बसलीस. सुकटीच्या वासासकट. पोरं गप्प झाली, कारण तुला सगळेच घाबरायचे. तू माझ्याकडे न बघता तीच हळदीची चाल धरलीस, पण बोल काढून टाकून. नुसते आकार, नुसती लांबण. पूर्ण झाल्यावर म्हणालीस, “बोल मांडवाचं हाय. चाल मांडवाची नाय, ती जुन्या बायांनी भात सडताना केलेली हाय. चाल ने. बोल तुजं घाल.” आणि दारातून निघता निघता, “पन जे घालशील ते आदी मला ऐकव.”

बय, माणसाला आयुष्यात काय काय मिळतं. मला चाली मिळाल्या. एक नाही, तुझ्याकडच्या सगळ्या. त्या दिवसापासून संध्याकाळी मी तुझ्या चुलीपाशी असायचे. तू भाकर तव्यावर टाकायचीस आणि म्हणायचीस, फुगेपर्यंत दम सोडायचा नाही. एका भाकरीला एक ओळ. माझ्या पहिल्या ओळी अर्ध्या भाकरीतच संपायच्या आणि तू तव्याकडे बोट दाखवून गालात हसायचीस. नंतर मला मोठमोठ्या शिबिरांत लोकांनी श्वासाचे व्यायाम शिकवले, पण माझा दम तयार झाला तो तुझ्या तव्यावर. त्या हळदीच्या चालीवर मी पहिलं गाणं केलं ते चिंबोरीचं. ‘आडवी चालली चिंबोरी, तिला वाट कुनी दावा गो.’ तू डोळे मिटून ऐकलंस आणि म्हणालीस, चिंबोरीला वाट ठाऊक असते, तुला नसते, पण पोरांना चालंल. होडीच्या गाण्याला मात्र साफ नाही म्हणालीस. होडी गेली, होडी आली, आत मासळी कुठंय? मी पुन्हा लिहिलं आणि मासळी भरली. तेव्हा कुठं पास झाले.

त्यावर माझं सगळं चाललं. गावातून साहेबलोकांच्या कॉलनीतल्या बालवर्गात बोलावणं आलं. तिथली मुलं बूट घालून गाण्याला बसायची आणि टाळ्या अगदी हिशेबात वाजवायची. चिंबोरीनं त्यांनाही आडवं चालायला लावलं. मग पेटी खांद्याला मारून मासवण, मनोर, डोंगराकडचे पाडे. तिकडच्या बायांनी मला त्यांची गाणी दिली आणि मीही तुझ्यासारखंच विचारून घ्यायला शिकले, यातलं पोरांना काय चालेल, काय ठेवायचं. पुढं बोईसरला कामगारांच्या चाळींत वर्ग सुरू केला. तिथं सगळा हिंदीचा कारभार. पहिल्याच दिवशी एकानं विचारलं, “मॅडम, चिंबोरी क्या होता है?” केकडा म्हटलं तरी पटेना, म्हणून दुसऱ्या दिवशी मी बादलीतून जिवंत चिंबोरी नेली, आणि अख्खा वर्ग बाकावर चढला. महिन्याभरानं एका पोरीचा बाप तक्रार घेऊन आला, पोरगी घरात ‘पानी दो गो’ म्हणते. हे तुला सांगितलं तेव्हा तू इतकी हसलीस की हातातली भाकर चुलीत पडली. पुढं कॅसेट निघाली, रेडिओवर गायले, पेपरात फोटो आला. प्रत्येक ठिकाणी सुरुवातीला मी सांगायचे, चाली बयच्या. लोकांना वाटायचं, बाई नम्र आहेत. मी नम्र नाही, हे तुझ्याइतकं कुणाला माहीत?

बोल मात्र तू फार उशिरा दिलेस. तुझा दम पुरेना झाला तेव्हा एका लग्नात मला शेजारी बसवलंस आणि म्हणालीस, मागून ओढ. तू एक ओळ म्हणायचीस, मी तीच परत म्हणायची. अशी चार वर्षं गेली. पालघरच्या दवाखान्यात तुला ठेवलं होतं तेव्हा तू मला लग्नाच्या तारखा विचारायचीस, कुणाचं कधी आहे, जाशील ना. तुझ्या माघारी मी एकही लग्न चुकवलं नाही. हल्ली धवल्याला दहा मिनिटं मिळतात, डीजेवाला वायरी जोडेपर्यंत. मी तेवढ्यात बसवते.

तर परवाचं लग्न. नवरी माझ्याच बालवाडीतली, आता बोईसरला औषधांच्या कंपनीत आहे. तिची आई तर माझ्या पहिल्या वर्गातली, त्या गॅदरिंगला पिवळा फ्रॉक घालून उभी होती. पाच बायका हळद लावतायत, मी गातेय. दुसरं कडवं संपतं, तिसऱ्यासाठी तोंड उघडते आणि आत काही नाही. अगदी कोरं. चाल मात्र थांबत नाही, ती पुढं सरकते आणि तोंडातून आपोआप येतं, ‘आडवी चालली चिंबोरी.’

चाळीस वर्षांत जे कधी एकत्र येऊ दिलं नव्हतं ते मी एका श्वासात एकत्र केलं होतं. तेवढ्यात नवरीनं, डोळ्यांवर हळद आलेली, डोळे मिटूनच पुढची ओळ उचलली, ‘तिला वाट कुनी दावा गो.’ मग तिची आई. मग हळद लावणाऱ्या बायका, मागची पोरं, कॉलनीतून आलेल्या तिच्या मैत्रिणी. डीजेवाला वायर हातात घेऊन उभा होता, मूळचा बिहारकडचा, माझ्या चाळीतल्या वर्गातला. त्यानं तो ‘गो’ इतका लांबवला की माझ्यापेक्षा त्याचाच दम मोठा निघाला. हळद लागतच होती. बोल नवरीच्या अंगावरच पडत होते, फक्त ते माझे होते. मला लाज वाटायला हवी होती, आणि आधी वाटलीही. पण मग माझे डोळे भरून आले ते लाजेनं नाही. इतकी माणसं एकदम गाताना आपल्या मांडवात मी कधी ऐकली नव्हती. धवला बायाच म्हणायच्या, बाकीचे ऐकायचे.

तिसरं कडवं दुसऱ्या दिवशी मासळी निवडताना आपोआप आठवलं, काळजी करू नकोस. वहीत उतरवून ठेवलंय. तुला लिहिणं-वाचणं येत नव्हतं आणि लिहून ठेवलेल्या गाण्यावर तुझा विश्वासही नव्हता, पण आता माझं वय झालं. हे पत्रही कुठं टाकायचं नाहीये. तू असतीस तर तुझ्यापुढे बसून मीच वाचून दाखवलं असतं.

काल नवरीची आई आली होती. तिच्या भाचीचं लग्न आहे. दारात उभी राहून म्हणाली, बाई, धवला तुम्ही म्हणालच, पण हळदीला चिंबोरीचं पण घ्याल ना, पोरी वाट बघतायत. ती गेल्यावर मी वही काढली आणि तुला विचारायचं म्हणून हे लिहायला बसले. चालेल का, मांडवाचं आणि पोरांचं एका ठिकाणी? पण बय, तुझ्यापासून काय लपवायचं. तिला मी दारातच हो म्हणून टाकलं. तुला आधी न विचारता.